साक्ष, पुरावा आणि प्रयोग : एक्स्ट्रीम मेटलच्या चित्रणाविषयी

१

संगीताचा प्रयोग श्रोत्यांसमोर होत असताना त्याचे चित्रण करावे आणि त्या चित्रणातून एक स्वयंपूर्ण चित्रपट उभा करावा, या प्रकाराला ‘कॉन्सर्ट फिल्म’ असे नाव आहे. मराठीत त्यासाठी रूढ शब्द नाही. ‘मैफलपट’ म्हणावे तर मैफल या शब्दाबरोबर बैठक, जाणकारांची दाद, गाणाऱ्याने श्रोत्यांच्या नजरेला नजर देऊन गाठलेली सम असे सारे येते, आणि ज्या संगीताचा विचार येथे करावयाचा आहे त्याला ते मुळीच मानवत नाही. ‘जलसा’ हा शब्द थोडा जवळचा आहे. पण त्याला सत्यशोधकी आणि आंबेडकरी जलशांचा स्वतःचा इतिहास आहे, आणि तो असा उसना घेणे बरे नव्हे. ‘प्रयोगपट’ हा शब्द त्यातल्या त्यात योग्य वाटतो. प्रायोगिक चित्रपटाशी त्याचा घोटाळा होण्याचा संभव आहे हे खरे. तथापि आपल्या नाट्यव्यवहारात ‘प्रयोग’ म्हणजे एका विशिष्ट दिवशी, विशिष्ट स्थळी, प्रेक्षकांच्या देखत घडणारी आणि म्हणूनच मोजता येणारी घटना. पहिला प्रयोग, शंभरावा प्रयोग असे आपण म्हणतो. चित्रपटाचे आज प्रयोग होत नाहीत, खेळ होतात. प्रयोगाचा खेळ होताना नेमके काय घडते, आणि हे घडणे एक्स्ट्रीम मेटल या संगीताच्या बाबतीत अधिक पेचाचे का ठरते, हा येथील विवेचनाचा विषय आहे.

हेवी मेटलपासून १९८० च्या दशकात फुटून निघालेल्या थ्रॅश, डेथ, ब्लॅक, डूम या शाखांना आणि पंकशी सोयरीक सांगणाऱ्या ग्राइंडकोरला मिळून ‘एक्स्ट्रीम मेटल’ म्हटले जाते. कीथ कान-हॅरिस यांनी याच नावाच्या आपल्या २००७ मधील ग्रंथात मर्यादाभंग हे या संगीताचे व्यवच्छेदक लक्षण मानले असून तो ध्वनीच्या, भाषिताच्या आणि देहाच्या अशा तीन पातळ्यांवर घडतो असे दाखविले आहे. शब्द ओळखू येऊ नयेत इतका विद्रूप केलेला कंठ, एकमेकांपासून सुटे करता येऊ नयेत इतके जलद आघात, मृत्यू आणि विटंबना यांचे विषय, मंचाखाली एकमेकांवर आदळणारी शरीरे ही त्याची परिचित रूपे. पण याच ग्रंथातील दुसरे निरीक्षण अधिक महत्त्वाचे आहे. हा सारा मर्यादाभंग ज्या व्यवहारावर उभा असतो तो व्यवहार (पत्रे लिहिणे, फिती पाठवणे, दौरे आखणे, हिशेब ठेवणे) अत्यंत नेमस्त आणि शिस्तीचा असतो. प्रयोगपट या दोन जगांच्या सीमेवर जन्माला येतो. मंचावर जे चालते ते पहिल्या जगातले. कॅमेऱ्याची तारीख ठरवणे, क्रेनला जागा सोडणे, दिवे आधी मोजून घेणे हे सर्व दुसऱ्या जगातले.

यातून एक अडचण निर्माण होते. मर्यादा ओलांडली गेली हे कोणी पाहिल्याशिवाय ती ओलांडली गेली असे म्हणता येत नाही. मर्यादाभंगाला साक्षीदार लागतो, आणि हा साक्षीदार स्वतःही काही प्रमाणात धोक्यात असावा लागतो; सुरक्षित अंतरावरून पाहणारा तो साक्षीदार नव्हे, प्रेक्षक. याच्या उलट चित्रनिर्मितीचे समस्त तंत्र धोका दूर करण्यासाठी विकसित झालेले आहे. चुकलेला सूर मागाहून कलागृहात दुरुस्त करता यावा म्हणून प्रत्येक वाद्याचे स्वतंत्र मुद्रण होते. एखादा कॅमेरा हुकला तर दुसऱ्याचे चित्र हाताशी असावे म्हणून प्रत्येक कॅमेऱ्याची फीत वेगळी राखली जाते. या तंत्राबद्दल तक्रार करण्याचे कारण नाही. प्रश्न असा, की ज्या संगीताचा दावाच ‘हे खरोखर घडले’ असा आहे, त्याच्या चित्रणात या दाव्याचे काय होते?

येथे वाल्टर बेंजामिन यांच्या १९३६ मधील प्रसिद्ध निबंधाचा आधार घेऊन कलाकृतीच्या तेजोवलयाचा लोप झाला असे म्हणण्याचा मोह होतो. मराठी समीक्षेत हा आधार इतका सहज घेतला गेला आहे, की त्याने आता फारसे काही सिद्ध होत नाही. फिलिप ऑस्लँडर यांनी ‘लाइव्हनेस’ (१९९९) या पुस्तकात मांडलेला विचार अधिक उपयोगी पडतो. ‘प्रत्यक्ष’ ही कोटीच मुळी मुद्रणाच्या शोधानंतर अस्तित्वात आली, त्याआधी प्रयोगाला प्रत्यक्ष म्हणण्याची गरजच नव्हती, आणि आजचा प्रत्यक्ष प्रयोग बहुधा आपल्याच मुद्रित रूपाचे अनुकरण करीत असतो, असे त्यांचे प्रतिपादन आहे. ब्लॅक मेटलचा इतिहास या मताला पुष्टी देतो. स्वीडनच्या बाथोरीने १९८० च्या दशकाच्या मध्यानंतर मंचावर जाणे सोडून दिले. नॉर्वेच्या डार्कथ्रोनची ख्यातीही प्रयोग न करण्याबद्दलच अधिक आहे. पांढऱ्या-काळ्या रंगाने प्रेतवत् केलेले चेहरे, खिळ्यांचे पट्टे, हिमाच्छादित अरण्य ही या शाखेची दृश्यभाषा मंचावर जितकी घडली त्याहून अधिक ध्वनिमुद्रिकांच्या वेष्टनांवरील छायाचित्रांत घडली. म्हणजे येथे प्रतिमा आधी आणि प्रयोग नंतर असा क्रम आहे. प्रयोगाचे पुन्हा चित्रण करणे म्हणजे छायाचित्राच्या अनुकरणाचे छायाचित्र घेणे होय.

२

हा पेच तात्त्विक आहे तितकाच तांत्रिकही आहे, आणि तांत्रिक बाजू समजून घेतल्याशिवाय या चित्रपटांविषयी काही बोलणे म्हणजे छंदाचा परिचय नसताना कवितेच्या लयीवर लिहिण्यासारखे आहे.

एक्स्ट्रीम मेटलचा प्राण ज्या आघातपद्धतीत आहे तिला ‘ब्लास्ट बीट’ म्हणतात. मिनिटाला २०० मात्रांची गती धरली आणि प्रत्येक मात्रेत चार आघात मानले, तर सेकंदाला तेराहून अधिक आघात होतात. युरोपीय दूरचित्रवाणीच्या पद्धतीत सेकंदाला २५ चौकटी असतात. एका आघाताच्या वाट्याला अशा दोन चौकटीही येत नाहीत. परिणामी वादकाचे मनगट पडद्यावर एका धूसर पट्ट्यासारखे दिसते. कानाला जे कळते ते डोळ्याला कळत नाही. संकलकापुढे यातून दोनच वाटा उरतात. आघातांचा पाठलाग करीत चित्रे शक्य तितक्या लवकर तोडणे ही पहिली. बहुसंख्य प्रयोगपट हीच वाट धरतात आणि फसतात. कारण दीड-दोन सेकंदांना एक असे तुकडे केले तरी प्रत्येक तुकड्यात वीस-पंचवीस आघात होऊन गेलेले असतात. संगीताच्या तुलनेत संकलन संथच भासते, आणि वर पाहणाऱ्याला काही नीट पाहिल्याचे समाधानही मिळत नाही. दुसरी वाट थांबण्याची. न तुटणारे, लांबलेले दृश्य, त्यात जवळजवळ निश्चल असलेले वादकाचे धड, आणि त्या निश्चलतेच्या कडांना चाललेली अतिवेगवान थरथर.

बा. सी. मर्ढेकर यांनी संवाद, विरोध आणि समतोल असे लयीचे जे तीन नियम सांगितले त्यांच्या परिभाषेत बोलायचे तर पहिल्या वाटेवरील संकलक संवादलयीच्या मागे लागतो आणि ती त्याच्या हाती येत नाही. दुसऱ्या वाटेवर विरोधलय आपोआप सिद्ध होते. मर्ढेकरांचा सिद्धान्त अशा सामग्रीला लावणे काहींना औचित्यभंगाचे वाटेल. परंतु भावार्थाऐवजी संवेदनांच्या परस्परसंबंधांकडे पाहण्याचा त्यांचा आग्रह जेथे शब्द ऐकूच येत नाहीत अशा संगीताला जितका लागू पडतो तितका भावगीताला पडणार नाही.

ढोलांच्या बाबतीत आणखी एक गोष्ट लक्षात घेतली पाहिजे. अतिवेगात पायाने वाजविलेल्या बेस ड्रमचे आघात स्पष्ट ऐकू यावेत म्हणून या संगीतात ‘ट्रिगर’ नावाचे साधन सर्रास वापरले जाते. पायाचा आघात झाला की त्या कंपनाचा संकेत यंत्राकडे जातो आणि आधी मुद्रित करून ठेवलेला आघाताचा ध्वनी उमटतो. वादकाच्या पायांजवळ लहानसा कॅमेरा बसवून घेतलेले चित्र हे अनेक प्रयोगपटांचे मानचिन्ह असते. ‘पाहा, हे खरोखर माणसाचेच पाय आहेत’ असा त्याचा अर्थ. पाय खरे असतात, वेगही खरा असतो. ऐकू येणारा ध्वनी मात्र पूर्वी कधीतरी साठवलेला असतो. याला फसवणूक म्हणणे भाबडेपणाचे होईल, कारण सभागृहात बसलेला श्रोताही तोच ध्वनी ऐकत असतो. पण प्रयोग आणि मुद्रण यांच्यातील सीमारेषा कॅमेरा येण्यापूर्वीच, ढोलाच्या चामड्यावरच, पुसली गेली होती एवढे यावरून स्पष्ट होते.

कंठाचे तसे नाही. रोलाँ बार्थ यांनी आवाजातील ‘कणा’विषयी, म्हणजे भाषेत उरलेल्या देहाच्या खरखरीविषयी लिहिले तेव्हा त्यांच्यापुढे अभिजात गायक होते. डेथ मेटलच्या गुरगुरीत भाषा जवळजवळ नाहीशी होऊन केवळ कणच उरतो. ध्वनिमुद्रिका ऐकताना या आवाजाला देह नसतो, म्हणूनच तो अमानुष वाटू शकतो. समीपदृश्यात त्याला चेहरा मिळतो : ताणलेली मान, कपाळावरचा घाम, दोन ओळींच्या मध्ये घाईने घेतलेला श्वास, आणि गाणे संपल्यावर ‘थँक यू’ म्हणणारा एक साधा मनुष्य. काही दिग्दर्शक हे टाळण्यासाठी गायकाला सतत धुरात किंवा पाठीमागून येणाऱ्या प्रकाशात ठेवतात. वस्तुतः या श्रमात लपवण्यासारखे काय आहे? घामाने भय उणे होत असेल, पण त्याची जागा घेणारी गोष्ट कमी मोलाची नाही.

३

या दृष्टीने पाहता ग्राइंडकोरचे अध्वर्यू नेपाम डेथ यांचा ‘लाइव्ह करप्शन’ हा प्रयोगपट आजही ताजा वाटतो. इंग्लंडमधील सॅलिसबरी येथील आर्ट्स सेंटरमध्ये ३० जून १९९० रोजी झालेल्या प्रयोगाचे हे चित्रण व्हिडिओ कॅसेटच्या रूपाने बाहेर आले. ‘ब्लास्ट बीट’ या शब्दाचे जनकत्व ज्यांच्याकडे दिले जाते ते मिक हॅरिस त्या वेळी बँडचे ढोलवादक होते. स्थळाविषयी एक तपशील सांगण्याजोगा आहे. हे कलाकेंद्र म्हणजे सेंट एडमंड यांच्या नावाचे, उपासनेसाठी वापरणे बंद झालेले जुने चर्च. त्याचे पावित्र्य भंग करण्यासाठी कोणी तेथे गेले नव्हते. इंग्लंडातील एका लहान गावात सभागृह म्हणून जे उपलब्ध होते ते घेतले, इतकेच. चित्रपटही या गोष्टीचा कसलाच गाजावाजा करीत नाही.

त्याचे सामर्थ्य साधेपणात आहे. मंचाची उंची बेताची, मंच आणि श्रोते यांच्यामधील अंतर जवळपास नाहीच. तरुण मुले मंचावर चढतात, क्षणभर गायकाशेजारी उभी राहतात आणि पुन्हा गर्दीत उडी घेतात. येथे कॅमेऱ्याला तटस्थ राहण्याची सोयच नाही, कारण तो ज्या जागेत उभा आहे तीच घटनास्थळ आहे. पाहणारा कोठेतरी उभा होता, त्याला धक्के बसत होते, हे चित्राच्या पोतातून जाणवते. ‘साक्ष’ हा शब्द येथे त्याच्या मूळ अर्थाने सार्थ होतो : स-अक्ष, डोळ्यांसह, देहासह हजर असणे.

याच काळात हौशी कॅमेऱ्यांनी घेतलेल्या फितीही पत्राने हातोहात फिरत होत्या. नॉर्वेच्या मेहेम या बँडच्या १९९० मधील प्रयोगांच्या फिती त्यांत विशेष प्रसिद्ध आहेत. गायक डेड याचा १९९१ मध्ये आणि गिटारवादक युरॉनिमस याचा १९९३ मध्ये मृत्यू झाल्यानंतर, पहिल्याने आत्महत्या केल्यावर आणि दुसऱ्याचा खून झाल्यावर, या फितींना स्मृतिचिन्हांचे मोल आले. घरगुती कॅमेऱ्यातील ध्वनिपातळी आपोआप राखणारी यंत्रणा असल्या आवाजापुढे हतबल होते. वाद्ये एकमेकांत मिसळून एकच घरघर उरते. प्रतीची प्रत, तिचीही प्रत करताना रंग उडतात, कडा विरघळतात. हे सर्व दोष. पण प्रत्येक प्रतीतील झीज ही ती किती हातांतून आली याची खूण असते, आणि पाहणाऱ्याला आपण एका साखळीचे शेवटचे टोक आहोत याचे भान देते. आपल्याकडील रसिकांना हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. जेथे हे बँड वर्षानुवर्षे येत नव्हते त्या शहरांत व्हिडिओ कॅसेट हाच पहिला प्रयोग होता. सॅम डन आणि स्कॉट मॅकफेडयन यांच्या ‘ग्लोबल मेटल’ (२००८) या माहितीपटाचा एक भाग मुंबईत चित्रित झाला आहे. दूरच्या संगीताने जवळचा समुदाय कसा घडतो या प्रश्नाचा मागोवा त्यात घेतला आहे. त्याचे पुरेसे उत्तर मात्र मुलाखतींच्या त्या चटपटीत मांडणीत सापडत नाही.

४

साक्षीची जागा पुराव्याने घेतली की काय होते हे पाहण्यासाठी पोलंडकडे वळावे लागते. तेथील मेटल माइंड प्रॉडक्शन्स या कंपनीने क्राकूव्ह येथील क्रझेमिओन्की या दूरचित्रवाणीच्या कलागृहात अनेक बँडचे प्रयोग चित्रित केले आहेत. अशा जागेचा लाभ उघड आहे : दिवे, क्रेन, नियंत्रणकक्ष सारे जागच्या जागी असते, श्रोते तेवढे आणायचे. १ फेब्रुवारी २००४ रोजी नॉर्वेच्या गोर्गोरोथ या बँडचा प्रयोग येथेच झाला. मंचावर मेंढ्यांची मुंडकी खांबांवर टोचलेली होती, मेंढीचे रक्त सर्वत्र शिंपडले होते, आणि क्रुसांवर जिवंत, नग्न माणसे बांधलेली होती. पोलिसांनी चौकशी आरंभली, चित्रण ताब्यात घेतले. धार्मिक भावना दुखावणे आणि प्राण्यांशी क्रूर वर्तन असे दोन आरोप पुढे आले. वादकांवर कारवाई झाली नाही, आयोजकाला दंड झाला. फितीची सुटका होऊन ‘ब्लॅक मास क्राकूव्ह २००४’ या नावाने तिची डीव्हीडी निघाली ती २००८ मध्ये. तोवर त्या रात्री मंचावर एकत्र असलेले सदस्य बँडच्या नावाच्या मालकीवरून परस्परांविरुद्ध न्यायालयात गेले होते.

हा प्रयोगपट कॅमेऱ्यासाठी घडवून आणला होता, ही गोष्ट टीकाकारांनी त्याच्याविरुद्ध आणि समर्थकांनी त्याच्या बचावासाठी सारख्याच उत्साहाने सांगितली आहे. प्रश्नाचे मर्म अन्यत्र आहे. मंचावरील वस्तूंची अस्तित्वपातळी एकसारखी नव्हती. रक्त खरे होते, मुंडकी खरी होती, नग्नता खरी होती. क्रुसावरील मरण मात्र नाटकी होते. आपल्या नाट्यशास्त्राने मृत्यू, युद्ध, नगरीला वेढा यांसारख्या गोष्टी अंकात प्रत्यक्ष दाखवू नयेत असे सांगितले. बीभत्सालाही रसपदवी दिली, पण त्याचा स्थायी जो जुगुप्सा तो अभिनयाच्या द्वारे यावा अशी अपेक्षा ठेवली. खऱ्या रक्ताचा वास आलेल्या श्रोत्याचे साधारणीकरण होत नाही. तो नाक दाबतो. अभिनवगुप्ताने सांगितलेल्या रसविघ्नांच्या चर्चेत, स्वतःच्या सुखदुःखात गुंतलेल्या प्रेक्षकाचा जो विचार येतो तो येथे शब्दशः लागू होतो. आता गंमत अशी, की चित्रपटाला वास नसतो. ज्या एका इंद्रियाने त्या रात्री क्राकूव्हमधील श्रोत्यांना खरे आणि खोटे यांतील भेद कळला असेल त्याचाच पडद्यावर अभाव आहे. पडद्यावर सगळेच लाल. खरे रक्त आणि रंग यांत भेद करण्याचे कसलेही साधन चित्रपटापाशी नाही. मग ते खरे होते हे आपल्याला कशावरून कळते? पोलिसांच्या चौकशीवरून. ज्या कायद्याने या प्रयोगावर बोट ठेवले त्यानेच त्याच्या खरेपणाचा दाखला दिला, आणि चित्रपटाची कीर्ती आजतागायत त्या दाखल्यावर उभी आहे.

चित्रपट म्हणून हा प्रयत्न सामान्य आहे हेही सांगितले पाहिजे. कलागृहाच्या सवयीने कॅमेरे फिरतात, क्रेन उचलली जाते आणि खाली येते; क्रुसावरील माणसांकडे दिग्दर्शक अधूनमधून असा वळतो, की जणू ती मंचाची सजावट आहे. त्या माणसांच्या देहांना कंटाळा येतो, थंडी वाजते, हात अवघडतात याची एक अंधूक जाणीव पाहताना होत राहते, पण चित्रपटाला तिच्याशी काही कर्तव्य नाही. एखाद्या समर्थ दिग्दर्शकाने केवळ याच गोष्टीवर दृष्टी खिळवली असती तर या प्रयोगाविषयी त्याच्या कर्त्यांनाही ठाऊक नसलेले काही हाती लागले असते.

पोलंडच्या दंडसंहितेतील १९६ वे कलम पूजनीय वस्तूचा ‘सार्वजनिकरीत्या’ अवमान करण्याबद्दल आहे. तिकीट काढून आलेल्या, काय पाहायला मिळणार हे जाणणाऱ्या श्रोत्यांची सभा आणि त्या सभेचे सर्वत्र पोचणारे चित्रण यांतील ‘सार्वजनिक’ कोणते? हाच प्रश्न बेहेमॉथ या पोलिश बँडच्या संदर्भात पुन्हा उद्भवला. गायक अॅडम डार्स्की ऊर्फ नेर्गाल यांनी २००७ मध्ये ग्डिनिया येथील प्रयोगात बायबल फाडले. खटला चालला आणि २०११ मध्ये न्यायालयाने ती कलेची अभिव्यक्ती ठरवून त्यांना निर्दोष मुक्त केले. प्रकरण तेथे संपले नाही, वरच्या न्यायालयांत ते चालत राहिले. तरीही ‘हा प्रयोग आहे’ एवढे म्हणणे न्यायालयाने ऐकून घेतले, याला महत्त्व आहे. मर्यादाभंग करणाऱ्यांना मात्र हा विजय थोडा अवघड जावा. कला म्हणून निर्दोष ठरणे म्हणजे निरुपद्रवी ठरणे नव्हे काय?

५

नॉर्वेत या प्रश्नाचे उत्तर न्यायालयाबाहेर मिळाले. बर्गेनजवळील फान्टॉफ्टचे लाकडी चर्च १९९२ च्या जूनमध्ये जाळले गेले त्याला १९ वर्षे होत असताना, २८ मे २०११ रोजी डिम्मू बोर्गिर या बँडने ऑस्लो स्पेक्ट्रम येथे राष्ट्रीय प्रसारणसंस्थेच्या वाद्यवृंदासह आणि स्कोला कान्टोरम या गायकसमूहासह प्रयोग केला. दोन वर्षांनी सॅटिरिकॉन हा बँड ऑस्लोच्या राष्ट्रीय ऑपेरागृहात तेथील समूहगायकांसह उभा राहिला. डिम्मू बोर्गिरचा प्रयोगपट ‘फोर्सेस ऑफ द नॉर्दर्न नाइट’ २०१७ मध्ये निघाला. त्याविषयी फार लिहिण्यासारखे नाही. चित्रण निर्दोष आहे, व्हायोलिनच्या रांगा सुंदर दिसतात, आणि संपूर्ण वेळ पाहणाऱ्याला एका राष्ट्रीय सोहळ्याचे निमंत्रण मिळाल्यासारखे वाटते. काळ्या वेषातील वादक आणि काळ्या वेषातील वाद्यवृंद यांत वेषभूषेपलीकडचा विरोध दिग्दर्शकाला दिसलेला नाही.

बेहेमॉथने २०२० मध्ये जे केले ते वेगळ्या कारणाने विचारात घ्यावे लागते. साथीच्या काळात सभागृहे बंद असताना पोलंडमधील एका परित्यक्त चर्चमध्ये त्यांनी श्रोत्यांविना प्रयोग केला आणि ५ सप्टेंबर २०२० रोजी तो ‘इन अॅब्सेन्शिया देई’, म्हणजे देवाच्या अनुपस्थितीत, या नावाने प्रक्षेपित झाला. श्रोत्यांविना प्रयोगाची कल्पना नवी नाही. एड्रियन मेबन यांनी ऑक्टोबर १९७१ मध्ये पिंक फ्लॉइडला पॉम्पेईच्या रिकाम्या रंगमंडलात वाजवायला लावले होते, तेही वूडस्टॉकच्या अफाट गर्दीचे चित्रपट गाजत असताना. पण पिंक फ्लॉइडच्या संगीताला रिकामी जागा मानवते, ते त्या जागेत पसरते. बेहेमॉथच्या संगीताला समोर कोणीतरी हवे असते, ज्याच्यावर आदळावे असे.

म्हणूनच या चित्रपटाच्या निर्मात्यांची कामगिरी दखलपात्र आहे. श्रोते नाहीत म्हणून त्यांनी श्रोत्यांची जागा भरण्याचा प्रयत्न केला नाही. मंचाची समोरची बाजूच रद्द केली. वादकांना एका दिशेने तोंड करून उभे राहण्याचे कारण उरत नाही, आणि प्रेक्षागृहातून कधीच न दिसणाऱ्या जागी कॅमेरा जाऊ शकतो. ज्वाला, भग्न कमानी, अंकांत विभागलेली रचना यांतून जे उभे राहते ते प्रयोगाचे चित्रण उरत नाही. तो चित्रपटच होतो, ज्याच्या मागे दुसरीकडे कोठे ‘खरा’ प्रयोग शिल्लक नाही. क्राकूव्हमध्ये निम्मे कबूल केलेले येथे पूर्ण कबूल केले आहे. मात्र या कबुलीची किंमतही मोजावी लागते. क्राकूव्हच्या कलागृहात कोणीतरी भिऊ शकत होते, चिडू शकत होते, उठून जाऊ शकत होते. या चर्चमधून उठून जाणारा कोणी नाही. सॅलिसबरीच्या जुन्या चर्चमध्ये पोरे मंचावर चढत होती. येथे मंचावर चढायला खाली कोणी उभेच नाही, आणि विटंबना करावी असा देवही, शीर्षकाच्या म्हणण्याप्रमाणे, आधीच निघून गेलेला आहे.

प्रत्येक गाणे संपते तेव्हा टाळी पडत नाही. प्रयोगपटाच्या ध्वनिमिश्रणात श्रोत्यांचा आवाज हा नेहमीच सर्वांत जास्त हाताळला जाणारा घटक असतो. श्रोत्यांकडे रोखलेल्या ध्वनिग्राहकांचे मुद्रण कोठे वाढवायचे, कोठे दाबायचे, दोन गाण्यांमधील सांधा त्याने कसा झाकायचा यावर कलागृहात बराच वेळ खर्ची पडतो. येथे तो सांधा उघडा आहे. शेवटचा आघात चर्चच्या दगडांत काही क्षण फिरतो आणि विरतो, आणि वादक पुढच्या गाण्याकडे वळतात, तालमीत वळावे तसे. २०२१ मध्ये याची ध्वनिमुद्रिका निघाली तेव्हा तिची नोंद बँडच्या मुद्रिकांच्या यादीत ‘लाइव्ह’ याच सदरात झाली.